आवरण्याआधी नोंद: विकल्या गेलेल्या एका घराचं प्रकरण

घर विकायचं ठरलं की पहिला विषय निघतो तो आवराआवरीचा. खोकी आणा, माळा रिकामा करा, नको ते काढून टाका. इथे मांडलेल्या प्रकरणात तेच झालं आणि अर्धं घर रिकामं झाल्यावर चूक लक्षात आली. उरलेलं अर्धं घर मग वेगळ्या क्रमाने हाताळलं गेलं. हे कुण्या एका कुटुंबाचं प्रकरण नव्हे. घरं रिकामी होताना पुन्हा पुन्हा दिसणाऱ्या गोष्टी एका घरात आणून मांडल्या आहेत, म्हणजे काय, कधी आणि कशामुळे हातचं जातं ते टप्प्याटप्प्याने दिसेल.

घर आणि माणसं

दुमजली घर, पाच खोल्या, वर माळा, मागे छोटं अंगण. आई ७९ वर्षांची, त्या घरात ४१ वर्षं राहिलेली. वडील जाऊन सहा वर्षं झालेली. गुडघ्यांमुळे आईचं जिना चढणं बंद झालं होतं. तीन मुलं: थोरली मुलगी दुसऱ्या शहरात, मधला मुलगा जवळच राहणारा, धाकटा परदेशात. दवाखाना, औषधं, गळके नळ हे सगळं सहा वर्षं मधल्याने सांभाळलं. आईने त्याच्याकडे राहायला जावं आणि घर विकावं, हे आईसकट सगळ्यांना पटलेलं होतं. करार झाला, ताबा ४५ दिवसांनी द्यायचा ठरला.

आई नावं विसरायची, तीच गोष्ट दोनदा सांगायची. पण घरात तिचं काही अडत नव्हतं. औषध कुठलं घ्यायचं ते डबीच्या जागेवरून कळे, किल्ली दाराजवळच्या खिळ्याला हात लावला की सापडे. तिची अर्धी आठवण घरातल्या जागांनी सांभाळलेली होती आणि हे कुणाच्या, खुद्द तिच्याही, लक्षात आलेलं नव्हतं.

पहिले सहा दिवस

"तुला बघवणार नाही, तू माझ्याकडे चल," म्हणून थोरलीने आईला आपल्या घरी नेलं. त्यामागे माया होती. इकडे मधला आणि सुटी काढून आलेला धाकटा यांनी स्वयंपाकघर, माळा आणि जिन्याखालचं कपाट मोकळं केलं. ३८ खोकी भरली. त्यांवर लिहिलं होतं 'स्वयंपाकघर', 'जुनं', 'फोटो', 'बघायचं'. अल्बममधले फोटो स्कॅन करायला सोपे जावेत म्हणून सोडवून एका डब्यात टाकले. तुटकं, गंजलेलं, एकेकटं उरलेलं सामान भंगारात गेलं.

सातव्या दिवशी आई परतली. स्वयंपाकघराच्या दारात थांबली आणि आत गेलीच नाही. "सगळं जपून ठेवलंय, आई. तुला काय काय हवंय ते फक्त सांग," असं मधला म्हणाला. तिला एकाही वस्तूचं नाव सांगता येईना. विसरणं वाढलं, असं मुलांना वाटलं. खरं तर तिला आठवायला लावणारी जागाच तिच्यासमोरून उचलली गेली होती.

आठवण जागेला का चिकटते

मेंदूत विशिष्ट जागी पोहोचल्यावरच सक्रिय होणाऱ्या पेशी असतात. मेंदूशास्त्रज्ञ जॉन ओकीफ यांनी त्या १९७१ मध्ये उंदरांच्या मेंदूतल्या हिप्पोकॅम्पस या भागात दाखवून दिल्या. २०१४ चं नोबेल त्यांना आणि मे-ब्रिट व एडवर्ड मोझर यांना याच शोधमालिकेसाठी मिळालं. आयुष्यातले प्रसंग साठवण्याच्या कामात हाच भाग मोलाचा असतो. त्यामुळे 'काय घडलं' आणि 'कुठे घडलं' या दोन गोष्टी आठवणीत एकमेकींना बिलगून राहतात.

याच संदर्भात १९७५ चा, पाण्यात बुडी मारणाऱ्या माणसांवरचा प्रयोग नेहमी सांगितला जातो: पाण्याखाली पाठ केलेले शब्द पाण्याखालीच जास्त आठवले. मात्र २०२१ मध्ये तो प्रयोग पुन्हा करून पाहिला तेव्हा तसा फरक मिळाला नाही. तेव्हा 'जागा बदलली की आठवण पुसते' असं म्हणणं अतिशयोक्तीचं होईल. आठवण पुसली जात नाही, तिला वर ओढणारा दोर तुटतो. वस्तू खोक्यात सुखरूप असली तरी ती कशाशेजारी होती, किती उंचीवर होती, कुठल्या हाताने काढली जायची, हे खोक्यात भरता येत नाही.

म्हणून या कामातला सगळ्यात महत्त्वाचा निर्णय 'काय ठेवायचं' हा नसतो. तो असतो आधी काय करायचं याचा. वस्तू जागची हलण्यापूर्वी नोंद झालीच पाहिजे. एक दिवस उशीर झाला तरी चालेल, पण हा क्रम उलटा झाला की पुढे कितीही पैसे आणि वेळ घातला तरी तो पूर्ण भरून निघत नाही.

उरलेल्या घराची नोंद

काम दोन दिवस थांबवलं. निजायची खोली, बाहेरची खोली, वरच्या दोन खोल्या आणि अंगण अजून जसंच्या तसं होतं.

आधी फोटो. प्रत्येक खोलीत चार कोपऱ्यांतून चार, मग समोरासमोर उभं राहून चार भिंती, छत, जमीन. त्यानंतर प्रत्येक कपाट बंद, उघडं आणि एकेक फळी. खण ओढायचा, फोटो काढायचा, काहीही न हलवता पुन्हा लावायचा. एका खोलीचे साठ ते ऐंशी फोटो झाले. आईच्या खुर्चीत बसून, तिच्या डोळ्यांच्या उंचीवरून काढलेला एक फोटोही प्रत्येक खोलीत घेतला. उभ्याने काढलेल्या फोटोत खोली पाहुण्याला दिसते तशी दिसते, त्यामुळे हा बसून काढलेला फोटो पुढे सगळ्यात जास्त वेळा उघडला जातो.

फोटोंना नाव देताना खोली, भिंत, फळी असा क्रम ठेवला: 'निजखोली-पूर्व-३'. हीच खूण नंतर खोक्यावर. 'जुनं' असं लिहिलेलं खोकं वर्षभराने उघडलं की कोडं होऊन बसतं. 'निजखोली-पूर्व-३' लिहिलेलं खोकं फोटोशी ताडून पाहता येतं.

मग आवाज. प्रत्येक खोलीत कुणीही न बोलता दोन मिनिटं ध्वनिमुद्रण, शिवाय दाराची कडी, जिन्याची करकरणारी चौथी पायरी, भिंतीवरच्या घड्याळाचे टोले. फाइल डब्ल्यूएव्ही स्वरूपात, म्हणजे आवाजातला तपशील न गाळता साठवणाऱ्या प्रकारात, ४८ किलोहर्ट्झवर. फोनमधले काही ॲप आजूबाजूचा आवाज आपोआप दाबतात. ती सोय बंद केली नाही तर ज्यासाठी मुद्रण करायचं तोच आवाज गाळला जातो. इथे पहिल्या फेरीत नेमकं तसं झालं आणि घड्याळ पुन्हा मुद्रित करावं लागलं.

त्यानंतर आईबरोबर फेरी. रोज एकच खोली, सकाळी, चाळीस मिनिटांच्या आत. छोटा माइक कॉलरला, तोंडापासून एक वीत खाली. प्रश्न विचारण्याची पद्धत इथे फार महत्त्वाची ठरली. "आई, तुला आठवतं का?" हा प्रश्न परीक्षा घेतो, उत्तर आलं नाही की ती खजील होते आणि गप्प बसते. "इथे तू काय ठेवायचीस?", "हा खण कुणाचा?", "इथून हाक मारली की कुठवर ऐकू जायची?" हे प्रश्न हाताला धरून नेतात. मुलांनी तिला दुरुस्त करायचं नाही, असं ठरवलं होतं. साल चुकलं तर चुकू द्यावं, ते कागदपत्रांवरून नंतर लावता येतं. विचारणाऱ्याने मात्र जागा मोठ्याने उच्चारावी ("आता खिडकीखालचं कपाट, वरून दुसरी फळी"), नाहीतर ऐकणाऱ्याला 'हे' आणि 'ते' यांतून काही कळत नाही.

शेवटी आराखडा. आलेख कागदावर दोन सेंटिमीटरला एक मीटर या मापाने खोल्या, दारं कुठल्या बाजूला उघडतात ते, दिव्यांची बटणं आणि आई रोज चालते त्या वाटा. पलंगावरून न्हाणीघर: उठून डावीकडे, नऊ पावलं, बटण उजव्या हाताला. ही एक ओळ पुढे फार उपयोगी पडली.

चौकटीवरच्या रेघा

स्वयंपाकघराच्या दारावर मुलांच्या उंचीच्या पेन्सिलरेघा होत्या. चौकटीला दोनदा रंग दिलेला, त्यामुळे खालच्या रेघा दिसेनाशा झालेल्या. त्या गेल्याच असं सगळे धरून चालले होते.

रंगाखालच्या रेघा परत दिसू शकतात, कारण उभ्या मुलाच्या डोक्यावर पुस्तक टेकवून ओढलेली रेघ दाबून ओढलेली असते आणि लाकडात बारीक खाच पडते. रात्री दिवे घालवावेत, बॅटरी चौकटीला जवळजवळ चिकटवून प्रकाश लाकडावरून सपाट सोडावा. समोरून पाहिलं तर काही दिसत नाही, कडेने आलेल्या उजेडात खाचेची सावली पडते. इथे वर दिसणाऱ्या १४ रेघांखाली आणखी ९ सापडल्या.

नोंद तीन प्रकारे घेतली. चौकटीला मोजपट्टी चिकटवून तीन उंचींवरून फोटो, दर वेळी कॅमेरा त्या पट्ट्यासमोर आडवा सरळ धरून. एकाच फोटोत सगळी चौकट घेतली तर वरची आणि खालची मापं तिरकी येतात. मग लांब ट्रेसिंग कागद लावून मऊ पेन्सिलीने घासून ठसा. आणि शेवटी लाकूड स्वतः.

लाकडाच्या बाबतीत दोन अडचणी आल्या. पहिली कराराची: भिंतीला पक्कं बसवलेलं ते सहसा घराबरोबर विकलं जातं, त्यामुळे असं काही काढायचं असेल तर ते करार होण्याआधीच त्यात लिहून घ्यावं. इथे ते राहून गेलं होतं. खरेदीदाराला चिठ्ठी लिहून विचारलं, त्याच मापाची नवी पट्टी बसवून देण्याचं कबूल केलं आणि त्यांनी होकार दिला. दुसरी अडचण लाकडाचीच. वरच्या रेघा भिंतीच्या सांध्यावर ठोकलेल्या पट्टीवर होत्या, खालच्या थेट दाराचं वजन पेलणाऱ्या मुख्य चौकटीवर. चौकट कापण्याचा विचार धाकट्याने बोलून दाखवला. तो सोडून दिला हे बरं झालं, कारण त्याने दार आणि भिंत दोन्ही खिळखिळी झाली असती. पट्टी तेवढी काढली. दोन्ही कडांना रंगाचा थर सुरीने कापून घेतला, नाहीतर रंगाबरोबर लाकडाच्या ढलप्या निघतात. रुंद पातळ पत्ती खालून, खिळ्यांच्या जवळ सरकवत पट्टी हळूहळू सुटी केली. खिळे पुढून ठोकून काढायचे नाहीत, मागच्या बाजूने पक्कडीने ओढून घ्यायचे, म्हणजे दर्शनी बाजू फुटत नाही. जुन्या रंगात शिसं असू शकतं, तेव्हा घासकाम टाळावं, कडा ओल्या ठेवाव्यात, मास्क लावावा आणि मुलांना लांब ठेवावं.

सापडलेल्या नऊ रेघांपैकी एकीजवळ नाव नव्हतं. तिघांपैकी कुणाच्याच वयाशी ती जुळेना. आईला फोटो दाखवला, तिने मान हलवली. मग तिला दारात उभं केलं. तिने हात पुढे करून तळवा त्या उंचीवर, हवेत, डोकं कुरवाळावं तसा धरला आणि नणंदेच्या मुलाचं नाव घेतलं. तो दोन वर्षं शाळेसाठी त्या घरात राहिला होता.

रिकाम्या झालेल्या अर्ध्या घराचं काय

हातामुळे आठवण परत येते हे कळल्यावर रिकामं स्वयंपाकघर पुन्हा हाती घेतलं. ताबा द्यायला अजून तीन आठवडे होते. फळ्यांवर कागदी चिकटपट्टीने खाने आखले, खोकी परत आणली आणि आईला ओट्यापाशी उभं केलं. "तिथे काय होतं?" असं न विचारता एकेक वस्तू तिच्या हातात दिली: "ही ठेव." तिने विचार केला की हात थबके, नुसता ठेवायला गेला की बहुतेक वेळा नेमका जाई. अशा ३१ वस्तूंच्या जागा परत मिळाल्या. भंगारात गेलेल्या वस्तूंसाठी मात्र काहीच करता आलं नाही. तुटक्या वस्तू सगळ्यात आधी फेकल्या जातात, पण तुटलेली असूनही चाळीस वर्षं जपलेली वस्तू म्हणजे ती जपण्यामागे काही तरी कारण असतं. अशी वस्तू टाकण्याआधी विचारायला हवं.

फोटोंचं नुकसान त्याहून मोठं. अल्बममधला क्रम हीच एक माहिती असते: कुठला फोटो कशाशेजारी, कुणी लावला, कुठली जागा रिकामी सोडली. आधी अख्ख्या पानाचा फोटो घ्यावा, मग सुटे फोटो ६०० डीपीआयवर (दर इंचाला ६०० ठिपके), अगदी छोटे १२०० वर स्कॅन करावेत. चिकट पानांच्या अल्बममधला फोटो नखाने ओढू नये. मेण नसलेला दात साफ करायचा दोरा फोटोमागून हळू करवतीसारखा सरकवावा, तरी सुटला नाही तर पानासकट ठेवावा. मागे लिहायचं तर मऊ पेन्सिलीने, कडेला. बॉलपेनचा दाब पुढे उमटतो आणि शाई दुसऱ्या फोटोला लागते. रबरबँड आणि टाचण्या काढून टाकाव्यात. फाइलींच्या तीन प्रती, दोन वेगळ्या प्रकारच्या साधनांवर, त्यांतली एक दुसऱ्या घरी. इथे ती थोरलीकडे गेली.

वाटणी

महागड्या वस्तूंवरून वाद झाला नाही. वाद झाला भिंतीवरच्या घड्याळावरून. प्रत्येकाने दुसऱ्याला न दाखवता यादी केली आणि हव्या असलेल्या वस्तूंवर मिळून १०० गुण वाटले. गुण लिहायला लावले की 'मला काही नको' म्हणणारा माणूसही मोकळा होतो. मधल्याने ६० गुण वडिलांच्या हत्यारांच्या पेटीवर लावले होते. बाकीच्या दोघांच्या यादीत ती पेटी नव्हतीच, दुसऱ्या दिवशी कुणाला तरी देऊन टाकायच्या ढिगात होती. उरलेल्या वस्तू पाळीपाळीने: पहिल्या फेरीत थोरली, मधला, धाकटा आणि दुसऱ्या फेरीत उलट, म्हणजे शेवटी येणाऱ्यावर अन्याय होत नाही. घड्याळ धाकट्याला गेलं. थोरलीला टोल्यांची फाइल दिली, पण तिचं समाधान झालं नाही आणि ते व्हावं अशी अपेक्षाही करू नये.

ज्या वस्तू कुणाकडेच मावणार नव्हत्या त्यांचे फोटो काढून त्या दिल्या. याला आधार आहे: २०१७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात विद्यापीठाच्या वसतिगृहांत दानाची मोहीम घेतली होती. आठवणीतल्या वस्तूचा फोटो काढून मग ती द्या, असं जिथे सांगितलं तिथून ६१३ वस्तू आल्या, नुसतंच 'द्या' सांगितलं तिथून ५३३. फोटो मात्र लांबून घाईने काढू नये. मानसशास्त्रज्ञ लिंडा हेन्केल यांच्या २०१४ च्या प्रयोगात संग्रहालयातल्या वस्तूंचे नुसते फोटो काढणाऱ्यांना त्या कमी आठवल्या, एका भागाच्या जवळ जाऊन फोटो घेणाऱ्यांची आठवण तशी घटली नाही. झिजलेली मूठ, सांधलेला कान, असा तपशील टिपावा.

नवी खोली आणि नंतरचे महिने

नव्या खोलीत पलंग खिडकीशी लावायचा ठरला होता, उजेड छान म्हणून. आराखड्यातली ती ओळ पाहून तो समोरच्या भिंतीला लावला: उठून डावीकडे वळलं की न्हाणीघराचं दार समोर येईल असा. रात्री अर्धवट झोपेत पाय जुन्याच घरात चालतात. पलंग खिडकीशी असता तर डावीकडे कपाट आलं असतं. पावलं नऊऐवजी सहा झाली म्हणून वाटेत गुडघ्याखाली एक मंद दिवा लावला. किल्लीचा खिळा, औषधाची डबी, खुर्ची आणि तिच्या उजव्या हाताचं छोटं टेबल फोटो पाहून त्याच अंतरांवर ठेवलं.

जागा बदलल्यावर पहिले काही आठवडे गोंधळ वाढणं अपेक्षित आहे. पण एकाएकी, एक-दोन दिवसांत भान हरपल्यासारखं वागणं हा घर सुटल्याचा परिणाम समजून थांबू नये. वयस्क माणसांत त्यामागे जंतुसंसर्ग किंवा औषधाचा दुष्परिणाम असू शकतो आणि त्याच दिवशी डॉक्टरांना दाखवायला हवं.

आईला सगळे विचारत, "रुळलात का?" थोरलीला मात्र कुणी काहीच विचारलं नाही, ती तर वीस वर्षं त्या घरात राहतही नव्हती. तीच सगळ्यात जास्त कोलमडली. मानसशास्त्रज्ञ मार्क फ्रीड यांनी १९६३ मध्ये अमेरिकेतल्या बॉस्टनच्या वेस्ट एंड वस्तीतून उठवलेल्या लोकांबद्दल लिहिलं तेव्हा त्यांनी सरळ शोक हाच शब्द वापरला होता. बऱ्याच जणांत तो जवळचं माणूस गेल्यावर होतो तसाच दिसला. घरासाठी रडणाऱ्याला 'चांगला भाव मिळाला ना' असं सांत्वन करणं हे आमच्या मते सगळ्यात जास्त दुखावणारं असतं. थोरलीला आधार झाला तो आईबरोबरच्या फेऱ्यांच्या ध्वनिमुद्रणाचा. ती रोज एक खोली ऐकून लिहून काढू लागली.

त्या लिखाणात स्वयंपाकघराच्या पानावर ओट्याशेजारच्या भिंतीचं चित्र आहे, पाच खुंट्या काढलेल्या. चार खुंट्यांखाली वस्तूंची नावं आहेत, आईच्या हाताने परत मिळालेली. पाचवीपाशी हात दर वेळी वर जाई आणि तिथे काही टांगायला नसे. आईला ती वस्तू आठवली नाही, ३८ खोक्यांत सापडली नाही. पाचव्या खुंटीखाली थोरलीने जागा कोरी सोडली आहे.